‘नको, मला नकोच होता किल्ला’

*ताई, माझी पत्नी जूनमध्ये गेली. स्तनाचा कर्करोग होता, दोन वर्षं उपचार चालले. आम्हाला एकच मुलगा. आठ वर्षांचा आहे, तिसरीत. शेवटच्या दिवशी तो शेजारच्या काकूंकडे होता, वैकुंठ स्मशानभूमीत त्याला नेलं नाही. ‘आई देवबाप्पाकडे गेली’ एवढंच माझ्या आईने त्याला सांगितलं. तो रडला नाही. दहाव्याला आम्ही ओंकारेश्वरावरून परत आलो, तेव्हा तो खाली सोसायटीत क्रिकेट खेळत होता. नातेवाईक म्हणाले, लहान आहे, त्याला कळलंच नाही, एका परीने बरंच झालं. आता चार महिने झाले. तो आईचं नावही काढत नाही. पण आठवड्यातून दोन-तीनदा अंथरूण ओलं करतो, सोमवारी सकाळी हमखास पोट दुखतं आणि रात्री मध्येच उठून माझ्या छातीवर हात ठेवून बघतो. परवा सहामाहीचा अभ्यास करताना त्याने विचारलं, ‘बाबा, या वर्षी किल्ला करायचा का?’ दर वर्षी तो आणि त्याची आई करायचे. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. त्याने ते पाहिलं आणि लगेच म्हणाला, ‘नको, मला नकोच होता किल्ला.’*

*मी चाकणला कंपनीत शिफ्टमध्ये काम करतो. साताऱ्याची मेहुणी म्हणते, पुढच्या जूनपासून त्याला आमच्याकडे ठेवा, आमच्या मुलांत रमेल. माझी आई म्हणते, विषय काढू नकोस, खपली निघेल. मी काय करू?*

*— एक बाबा, धायरी*

दादा,

मुलाला काही कळलेलं नाही असं म्हणणाऱ्यांना तुमच्या पत्रातलं ते एकच वाक्य दाखवावंसं वाटतं. आठ वर्षांच्या मुलाला किल्ला नको असतो? सहामाही संपायच्या आधीच माती कुठून आणायची, बुरूज किती, हे ज्यांच्या डोक्यात सुरू होतं त्या वयाचा हा मुलगा. त्याने विचारलेला प्रश्न त्यानेच मागे घेतला, कारण तुमचे डोळे भरलेले त्याला दिसले. तो गप्प आहे तो आईला विसरला म्हणून नाही. तो तुम्हाला सांभाळतोय. चार महिने तुम्ही त्याच्यासमोर रडायचं टाळताय आणि तो तुमच्यासमोर आईचं नाव टाळतोय. दोघंही एकमेकांना जपताय, आणि त्या जपण्यात एकाच घरात दोघंही एकटे पडला आहात.

हे मी इतक्या खात्रीने सांगते, कारण मी त्याच्या जागी होते.

१९६८ साली माझे वडील गेले, तेव्हा मी नऊ वर्षांची होते. आम्ही नारायण पेठेत एका वाड्यात राहायचो. मला सांगितलं होतं की बाबा मुंबईच्या दवाखान्यात आहेत, बरे होऊन येतील. आईच्या कपाळावर कुंकू नव्हतं. ते मला दिसलं होतं आणि ‘आपल्याला दिसलं नाही’ असं मी ठरवून टाकलं होतं. बाबांची सायकल होती. तेव्हा सगळं पुणंच सायकलवर चालायचं, वाड्याच्या दारात दहा-बारा सायकली उभ्या असायच्या, पण उंबऱ्यावरून आत घेताना चेनकव्हरचा जो खडखडाट व्हायचा तो फक्त आमच्या सायकलीचा. संध्याकाळी मी त्या आवाजाची वाट बघायचे. महिन्याभरात सायकल विकली गेली आणि तेही मला कुणी सांगितलं नाही. मग मी माझा हिशोब मांडला. ज्या अर्थी सायकल घरी नाही, त्या अर्थी बाबा ती घेऊन कुठेतरी गेलेत. शाळेतून येताना लक्ष्मी रस्त्याने मी प्रत्येक सायकलचं चेनकव्हर बघत चालायचे. आमच्या चेनकव्हरला मागच्या बाजूला पोचा आलेला होता.

त्या दिवाळीच्या आसपास आत्या राहायला आली. एका दुपारी ती तांदूळ निवडत होती आणि मी शेजारी बसले होते. ताटातले खडे बाजूला सारता सारता, माझ्याकडे न बघता ती म्हणाली, “बाळ, दादा गेला. तो आता परत येणार नाही. मला रात्र रात्र झोप लागत नाही गं.” मी विचारलं, “मग सायकल?” ती म्हणाली, “विकली. पैसे हवे होते.” मी खूप रडले. तीही रडली. मग आम्ही दोघींनी मिळून राहिलेले तांदूळ निवडले. त्या रात्री मला कितीतरी दिवसांनी गाढ झोप लागली, आणि दुसऱ्या दिवशी शाळेतून येताना मी सरळ समोर बघत घरी आले.

पुढे एकतीस वर्षं मी पुण्यात प्राथमिक शाळेत शिकवलं. आई किंवा वडील गेलेली मुलं दर काही वर्षांनी वर्गात असायचीच, आणि दर वेळी मोठी माणसं तेच म्हणायची. ‘कळत नाही अजून, खेळतोय बघा.’ दादा, मुलाचं दुःख श्रावणातल्या ऊन-पावसासारखं असतं. आपण मोठी माणसं दिवसभर एकाच मळभाखाली बसून राहू शकतो. मुलाला ते झेपत नाही. पाच-दहा मिनिटं त्याला ते पुरतं घेरतं आणि मग तो बॅट उचलून खाली पळतो. दहाव्याच्या दिवशीचं ते क्रिकेट म्हणजे त्याला दुःख झालं नव्हतं याची खूण नव्हे. घरात जे भरून राहिलं होतं त्यातून त्याने काढलेली ती वाट होती. त्याबद्दल मनात थोडीही अढी असेल तर काढून टाका. आणि उद्या आईबद्दल काही गंभीर बोलणं चालू असताना तो मध्येच ‘बाबा, मला मॅगी’ म्हणाला, तर मॅगी करून द्या.

आता ‘देवबाप्पाकडे गेली’ याबद्दल. तुमच्या आईने ते मायेने सांगितलं, त्यांना दोष नाही. तुमच्या घरात श्रद्धा असेल तर ती असू दे. पण आठ वर्षांचं मूल शब्द जसा ऐकतं तसाच धरतं. गेली म्हणजे येऊ शकते. गेली म्हणजे मला न सांगता गेली. आमच्या शाळेत दुसरीत एक मुलगी होती, अतिशय गुणी. वडील गेल्यावर महिन्याभरात ती वर्गात मारामाऱ्या करायला लागली, वह्या फाडायला लागली. कितीतरी दिवसांनी तिने बाईंना कारण सांगितलं. भेटायला आलेलं कुणीतरी म्हणालं होतं, चांगली माणसं देवाला लवकर आवडतात. तिला देवाला आवडायचं नव्हतं.

म्हणून त्याला सरळ शब्दांत सांगा. असं काहीतरी: ‘आईला कर्करोग झाला होता. डॉक्टरांनी खूप औषधं दिली, पण त्या आजारापुढे ती पुरी पडली नाहीत. मग आईच्या शरीराचं काम थांबलं. श्वास थांबला, हृदय थांबलं. आई मेली. आता तिला दुखत नाही, भूक लागत नाही, थंडी वाजत नाही. ती परत येणार नाही.’ ‘मेली’ हा शब्द तुमच्या तोंडून निघणार नाही असं आत्ता तुम्हाला वाटत असेल. ‘वारली’ म्हणा. पण ‘झोपली’ नको, ‘गावाला गेली’ नको. मेलेलं माणूस परत येत नाही, त्याचं शरीर काही करू शकत नाही, हे साधारण पाच ते सात वर्षांच्या वयात बहुतेक मुलांना उमजायला लागतं. तुमच्या मुलाला ते समजून घ्यायची ताकद आहे, त्याला फक्त शब्द मिळालेले नाहीत. देवाचं, आत्म्याचं जे तुम्ही मानता ते याच्यानंतर सांगा, याच्याऐवजी नको.

आणि एक गोष्ट त्याने न विचारता सांगा. माझ्या मते हे सगळ्यात महत्त्वाचं. दोन वर्षं उपचार चालले होते, म्हणजे दोन वर्षं त्या घरात एक वाक्य शेकडो वेळा बोललं गेलं असणार: ‘दंगा करू नकोस, आईला त्रास होतो.’ ते म्हणण्यात काही चूक नव्हती, ते म्हणावंच लागतं. पण या वयाचं मूल स्वतःला जगाच्या मध्यभागी ठेवून कारणं जुळवतं. मी दंगा केला, आईला त्रास झाला, आई मेली. किंवा एखाद्या दिवशी रागाच्या भरात तो आईला काहीतरी बोलला असेल आणि तेच धरून बसला असेल. हे तो आपण होऊन कधीच सांगणार नाही. तेव्हा तुम्हीच म्हणा: ‘तुझ्या दंग्यामुळे आई आजारी पडली नाही. तुझ्या बोलण्याने, तुझ्या रागावण्याने कुणाला कर्करोग होत नाही. तो एकाचा दुसऱ्याला लागतही नाही. तू काय केलं असतंस तरी हे थांबलं नसतं.’ एकदा सांगून पुरणार नाही. महिन्याने पुन्हा सांगा, वाढदिवसाला पुन्हा सांगा.

रात्री छातीवर हात ठेवून तो तुमचा श्वास चाललाय ना ते बघतो. उरलेला एकच माणूस आहे, त्याच्यावर पहारा ठेवतोय. त्याला ‘मी कधीच मरणार नाही’ असं सांगू नका, ते खोटं आहे हे त्याला आता ठाऊक झालंय. त्याला म्हणा, ‘मी बरा आहे, माझी तब्येत चांगली आहे, मला तुझ्याबरोबर खूप वर्षं राहायचंय. आणि कधी मला काही झालंच, तर तुला सांभाळायला आजी आहे, मावशी आहे, ते आमचं ठरलेलं आहे.’ अर्थात आधी ते खरंच ठरवा. तो हात ठेवेल तेव्हा जागे असाल तर त्याच्या हातावर हात ठेवा. शिफ्टचं वेळापत्रक फ्रिजवर लावा, म्हणजे बाबा केव्हा येणार हे त्याला वाचता येईल. कंपनीची बस उशिरा निघाली तर फोन करा, पाच मिनिटांचा उशीर असला तरी. मोठ्यांना जो नुसता उशीर वाटतो, त्यात ज्याची आई गेली आहे त्या मुलाला दुसरंच काहीतरी दिसतं.

अंथरुणाबद्दल थोडक्यात. रागावू नका, शेजारीपाजारी त्याच्यादेखत बोलू नका, गादीवर रबरी कापड घाला, आणि तुमच्या नेहमीच्या बालरोगतज्ज्ञांना एकदा दाखवून लघवीचा संसर्ग वगैरे नाही याची खात्री करून घ्या. दुःखात मुलं अशी दोन पावलं मागे जातात आणि पुन्हा पुढे येतात. पोटदुखीही खरी असते, ते ढोंग नव्हे. शनिवार-रविवार तुमच्या जवळ राहून सोमवारी तुटायचं म्हणजे पोटात गोळा येणारच. शाळा चुकवू देऊ नका, पण वर्गशिक्षिकेला जाऊन भेटा. फोन नको, प्रत्यक्ष भेटा. त्याला वर्गात भरून आलं तर कुठे जाऊन बसायचं, हे त्यांनी त्याला आधी सांगून ठेवावं. आणि एक विनंती मी स्वतः शिक्षिका होते म्हणून करते. तिसरी-चौथीत ‘माझी आई’ हा निबंध येतोच. तो येईल तेव्हा बाईंनी त्याला आधी बाजूला घेऊन विचारावं, लिहायचाय की दुसरा विषय हवा. त्याच्यासाठी परस्पर विषय बदलू नये. मी पाहिलंय, यातली काही मुलं तो निबंध सगळ्यात मोठा लिहितात.

‘विषय काढलास तर खपली निघेल’ असं तुमच्या आई म्हणतात. त्यांनी सून गमावली आहे, त्यांचंही दुःख मोठं आहे आणि त्यांच्या पिढीला हेच शिकवलं गेलं. पण खपली धरायला जखम आधी स्वच्छ व्हावी लागते. तुम्ही विषय काढून त्याला आईची आठवण करून देणार नाही आहात. ती त्याला रोज येतेच आहे. आत्ता फक्त ती कुणापाशी काढायची नाही, एवढं त्याला कळलेलं आहे.

मात्र त्याला समोर बसवून ‘बोल, तुला काय वाटतं’ असं विचारू नका. त्याने मुलं आणखी मिटतात. आत्या माझ्याकडे बघत नव्हती म्हणून मी बोलू शकले, असं मला आजही वाटतं. हात कशात तरी गुंतलेले हवेत. मेथी निवडताना, स्कूटरवर तो मागे बसलेला असताना, झोपायच्या आधी दिवा मालवल्यावर. आणि सुरुवात तुम्ही करा, तीही अगदी साध्यातून. ‘आज आमटीला तिच्यासारखी चव आली नाही बघ.’ एवढंच. तो काही बोलला नाही तर नाही. ते दार उघडं आहे हे त्याला दिसलं.

तुमचं रडणं त्याने पाहिलं तर चालतं. कारण न कळलेल्या रडण्याला मुलं घाबरतात. म्हणून रडू आलं की सांगा, ‘आईची आठवण आली म्हणून रडतोय. तू काही चुकीचं बोलला नाहीस. थोड्या वेळाने मला बरं वाटेल.’ आणि मग खरंच उठा, तोंड धुवा, चहा टाका. दुःख येतं आणि त्यानंतर चहाही होतो, हे त्याला तुमच्याकडे बघूनच शिकायचंय. पण तुमचं सगळं दुःख ऐकणारा तो नसावा. त्यासाठी तुम्हाला मोठं माणूस हवं. एखादा मित्र, भाऊ, समुपदेशक, कुणीही. तुम्ही पत्रात स्वतःबद्दल एक ओळही लिहिली नाहीत. जेवता का, झोपता का, काही कळलं नाही. अमेरिकेत विल्यम वर्डन आणि फिलिस सिल्व्हरमन या अभ्यासकांनी बोस्टनच्या परिसरातल्या ७० कुटुंबांमधल्या, आई किंवा वडील गमावलेल्या ६ ते १७ वयाच्या १२५ मुलांचा दोन वर्षं पाठपुरावा केला होता. मूल कसं सावरतं हे सर्वात जास्त कशावर अवलंबून होतं? मागे राहिलेले आई किंवा वडील स्वतः कसे सावरतात यावर. तेव्हा स्वतःची काळजी घेणं हे तुमच्या मुलासाठीच केलेलं काम आहे असं समजा. त्याच अभ्यासात आणखी एक गोष्ट दिसली. काही मुलांचा त्रास पहिल्या वर्षी नव्हे, दुसऱ्या वर्षी वर आला. म्हणून वर्षश्राद्ध झालं की ‘आता झालं सगळं’ असं धरून चालू नका.

त्याच मुलांपैकी पुष्कळ जण गेलेल्या आईशी किंवा वडिलांशी मनात बोलायचे, त्यांची एखादी वस्तू जवळ ठेवायचे. हा वेडेपणा नव्हे आणि अडकून पडणंही नव्हे. तुमच्या घरात तिचे कपडे अजून असतील तर ते वाटून टाकण्याची घाई कुणाला करू देऊ नका. आधी त्याला विचारा, यातलं तुला काय हवं? तो एखादा जुना गाऊन मागेल, ज्याला तिचा वास आहे. तो न धुता द्या. चार-पाच सुती साड्या असतील तर त्यांची गोधडी शिवून घ्या, आपल्याकडे आजीच्या, आईच्या साड्यांच्या गोधड्या पूर्वापार होत आल्यात. तिच्या आवाजातले व्हॉट्सअॅपवरचे निरोप आजच दुसरीकडे साठवून ठेवा. फोन बिघडतो, हरवतो. आणि भिंतीवर चंदनाचा हार घातलेला फोटो असेलच, पण त्याच्या नजरेच्या उंचीवर एक दुसरा लावा. ज्यात ती हसतेय, केस विस्कटलेत, असा.

आता साताऱ्याबद्दल. मेहुणीचा जीव तुटतोय हे दिसतंच आहे. तिची बहीण गेली आहे. पण माझं मत स्पष्ट आहे: जूनपासून त्याला पाठवू नका. त्याच्या आयुष्यातलं सगळ्यात मोठं माणूस नाहीसं झालंय. आता घर, शाळा, खालची क्रिकेटची पोरं आणि बाबा हेही एकदम गेलं, तर त्याच्या हिशोबात त्याला सगळ्यांनीच सोडलं असं होईल. आणि तो पुन्हा तेच म्हणेल, ‘मला इथे राहायचंच नव्हतं.’ अडचण तुमच्या शिफ्टची आहे ना? मग ती सोडवू या. तुमच्या आई आहेत. कंपनीत मोकळेपणाने बोला, निदान रात्रपाळी वर्षभरासाठी टळते का बघा. शेजारच्या काकूंना संध्याकाळचे दोन तास पैसे देऊन विचारा, भीड बाळगू नका. मावशीकडे त्याला सुट्टीत जरूर पाठवा, तिलाही इकडे बोलवा. तिच्यापाशी एक असं धन आहे जे तुमच्यापाशी नाही: त्याची आई आठ वर्षांची होती तेव्हा कशी होती, झाडावरून कधी पडली, कशासाठी मार खाल्ला. ते त्याला तिच्याकडूनच मिळेल.

फक्त येणाऱ्या-जाणाऱ्यांना काही शब्द त्याच्यासमोर वापरू नका असं सांगा, प्रसंगी थोडं तोडून सांगा. ‘पोरकं झालं बिचारं’ असं त्याच्या डोक्यावर हात ठेवून म्हणणं बंद. बाबा असताना तो पोरका कसा? ‘आता तूच बाबांचा आधार’ हेही बंद. ते ओझं तो आधीच उचलून बसलाय. आणि ‘माय मरो पण मावशी जगो’ ही म्हण कौतुकाने कुणीतरी म्हणणारच, विशेषतः साताऱ्याचं ठरतंय हे कळल्यावर. म्हणीतली मावशीची माया मोठ्यांना ऐकू येते. मुलाला पहिले दोन शब्द ऐकू येतात.

वैकुंठात त्याला नेलं नाही याची खंत तुमच्या पत्रात जाणवली. निरोप देण्याची वेळ टळून गेलेली नाही. त्याने विचारलं तर त्या दिवशी काय काय झालं ते त्याला सांगा, आईच्या अंगावर कोणती साडी होती, कोण कोण आलं होतं. वर्षश्राद्धाच्या वेळी काय विधी असतो ते आधी समजावून सांगा आणि बसायचं का ते त्याला ठरवू द्या. मध्येच उठला तरी चालेल.

तुमच्या मुलाचं जे तुम्ही लिहिलंय ते सगळं मला अजून दुःखाच्या साध्या वाटेवरचंच वाटतं. पण घरात बोलणं सुरू होऊनही काही महिन्यांत काहीच सैल झालं नाही, त्याने खेळणं सोडलं, खाणं तुटलं, शाळेत जाणंच बंद झालं, तर मुलांच्या मानसोपचारतज्ज्ञांना दाखवा. ससूनमध्ये मनोविकार विभाग आहे. सरकारची टेलिमानस ही सेवा १४४१६ या क्रमांकावर फुकट आहे आणि तिथे मराठीत बोलता येतं. तुम्ही स्वतःसाठीही फोन करू शकता. मुलांसाठीची मदतवाहिनी १०९८. ‘मला आईकडे जायचंय’ असं तो कधी म्हणाला तर दचकून गप्प करू नका. बहुतेक वेळा त्यात नुसती आठवण असते. पण शांतपणे विचारा, ‘म्हणजे मरावंसं वाटतं का तुला?’ विचारल्याने तो विचार त्याच्या डोक्यात भरत नाही. उत्तर ‘हो’ असेल, किंवा त्याने स्वतःला काही इजा केली असेल, तर त्याच दिवशी डॉक्टर गाठा.

आता किल्ला. घरात म्हणतील, वर्ष झालेलं नाही, यंदा सण नाही. ते पाळा. आकाशकंदील नको असेल तर नको, कढई ठेवायची नसेल तर नको, फराळ नातेवाईक आणून देतीलच. पण किल्ला हा काही सण नव्हे की पूजा नव्हे, तो मातीचा खेळ आहे, आणि त्याच्यासाठी ते आईबरोबरचं काम आहे. तुमच्या आईंना हे मी सांगितलं म्हणून सांगा. आणि हे पत्र वाचाल त्याच दिवशी त्याला म्हणा, ‘तू किल्ल्याचं विचारलंस तेव्हा मला आईची आठवण आली, म्हणून डोळ्यांत पाणी आलं. तू विचारलंस ते मला आवडलं. मला किल्ला करायचाय, पण मला येत नाही.’

हे शेवटचं खरंच असणार. किल्ला तर ती दोघं करायची, तुम्ही संध्याकाळी येऊन बघायचात. गेल्या वर्षीचे मावळे माळ्यावर एखाद्या बुटांच्या खोक्यात असतील, ते त्याला काढू द्या. तुटलेले असतील तर कसब्यात कुंभारवाड्यात दोघं जाऊन नवे आणा. महाराज मात्र जुनेच ठेवा, तिने आणलेले. तुमच्या धायरीतून सिंहगड दिसतो, गच्चीवर जाऊन एकदा नीट बघून या. वसुबारसेच्या पाच-सहा दिवस आधी माती कालवायला घ्या, म्हणजे आळीव उगवायला वेळ मिळेल. कामाच्या मध्ये कधीतरी तो म्हणेल, ‘आई असं नाही करायची.’ तिथे थांबा. घाईने पुढे जाऊ नका, त्याला दाखवू द्या. आळीव पेरल्यावर पाणी तांब्याने ओतायचं की ओंजळीने शिंपडायचं, हे तुम्हाला ठाऊक नसेल. त्याला विचारा.